बदली आली, घर अडले : दाद मागण्याची कृती

अहिल्यानगर हा क्षेत्रफळाने राज्यातला सर्वांत मोठा जिल्हा, चौदा तालुक्यांचा. नगर-मनमाड रस्त्यावरच्या नागापुरातल्या कर्मचाऱ्याची बदली अकोले तालुक्यात झाली तर आदेशात ती ‘जिल्ह्यांतर्गत’ असते, पण अंतर शंभर किलोमीटरच्या पुढे जाते. त्यात नागापूर औद्योगिक वसाहतीचे गाव. नवरा कारखान्यात आणि बायको सरकारी नोकरीत, किंवा उलट, अशी घरे इथे नवी नाहीत. कारखान्यातली नोकरी बदलीमागे जात नाही, त्यामुळे आदेश एकाच्या नावे निघतो आणि घर दोन ठिकाणी वाटले जाते. त्या घरात डायलिसिसवरची आई किंवा दिव्यांग मूल असेल, तर प्रश्न गैरसोयीचा राहत नाही, निभावण्याचा होतो.

अशा वेळी बहुतेक जण दोन टोकांना जातात. काही जण निमूट सामान बांधतात, तर काही जण आदेशच न घेता घरी बसतात. दोन्हींत नुकसान आहे. मधला रस्ता कायद्याने दिलेला आहे, पण त्यासाठी एक फरक आधी मनात पक्का हवा. घरची अडचण ऐकणे हे बदली करणाऱ्या सक्षम प्राधिकाऱ्याचे काम आहे, आणि आदेशातला नियमभंग तपासणे हे न्यायाधिकरणाचे. पहिल्याकडे फक्त कायदा आणि दुसऱ्याकडे फक्त दुःख घेऊन गेले की अर्ज फेटाळला जातो. पुढची कृती या फरकावर उभी आहे.

१. आदेश घ्या आणि नीट वाचा

आदेश नाकारू नका. सही करताना तारीख आणि वेळ लिहा आणि एक प्रत स्वतःकडे ठेवा. मग पाच गोष्टी शोधा : आदेश कोणी काढला, कोणत्या कलमाखाली काढला, कारण दिले आहे का, तुमच्या जागी कोणाला नेमले आहे, आणि कार्यमुक्त करण्याची तारीख कोणती. ‘प्रशासकीय कारणास्तव’ किंवा ‘जनहितार्थ’ एवढेच लिहिले असेल तर त्या शब्दांखाली रेघ ओढा. पुढे त्यांचा उपयोग होणार आहे.

२. आपले दार कोणते ते ठरवा

सगळे ‘सरकारी’ कर्मचारी एकाच दारात जात नाहीत. चुकीच्या दारात गेलेले आठवडे परत मिळत नाहीत.

राज्य शासनाच्या सेवेत असाल (महसूल, कृषी, आरोग्य, कोषागार वगैरे), तर महाराष्ट्राचा बदल्यांचे विनियमन करणारा २००५ चा अधिनियम लागू होतो. तो १ जुलै २००६ पासून अमलात आहे. दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये मागायची.

पोलीस दलात असाल तर बदलीचे नियम महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम २२-न मध्ये आहेत. दाद मात्र मॅटमध्येच.

जिल्हा परिषदेचे शिक्षक किंवा कर्मचारी असाल तर बदल्या ग्रामविकास विभागाच्या शासन निर्णयांनुसार होतात. तक्रारीची पहिली पायरी मुख्य कार्यकारी अधिकारी, तिच्यावर नाशिकचे विभागीय आयुक्त. त्यानंतर उच्च न्यायालयाचे संभाजीनगर खंडपीठ. जिल्हा परिषदेचे प्रकरण मॅटमध्ये चालत नाही.

केंद्र सरकारच्या नोकरीत असाल, उदाहरणार्थ टपाल किंवा रेल्वे, तर केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. एसटीच्या कामगारांना १९७१ च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित प्रथा प्रतिबंधक कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात जाता येते. धोरणाच्या आडून दुष्ट हेतूने केलेली बदली त्या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत अनुचित प्रथा म्हणून नोंदलेली आहे.

३. कालावधीचा हिशेब मांडा

२००५ च्या अधिनियमाने पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा ठरवला आहे. मंत्रालयाबाहेरच्या गट-क कर्मचाऱ्यांच्या बाबतीत त्याच कार्यालयात किंवा विभागात असे दोन कालावधी पूर्ण झाल्यावर बाहेर बदली करायची असते. गट-ड साठी ठरावीक कालावधी नाही. विनंती, आपसी बदली किंवा गंभीर तक्रार असे कारण असल्याशिवाय त्यांना सहसा त्या ठिकाणाहून हलवायचे नसते.

सेवापुस्तकातून रुजू होण्याची तारीख काढा आणि पुढील प्रश्नांची उत्तरे लिहा.

कालावधी पूर्ण झाला आहे का? नसेल तर कलम ४(५) प्रमाणे विशेष कारणे लेखी नोंदवून लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते.

आदेश एप्रिल-मे मधला आहे का? बदल्या वर्षातून एकदा, त्याच दोन महिन्यांत करायच्या हा सर्वसाधारण नियम. एरवीची बदली निवृत्ती, पदोन्नती, राजीनामा अशा कारणांनी रिकाम्या झालेल्या पदावर होऊ शकते. नाहीतर अपवादात्मक परिस्थिती लेखी नोंदवून वरिष्ठांची मान्यता लागते.

आदेशावर सही करणाऱ्याला अधिकार होता का? गट-क साठी विभागप्रमुख आणि गट-ड साठी प्रादेशिक विभागप्रमुख हे कलम ६ मधले सक्षम प्राधिकारी आहेत. अधिकार खाली दिले असतील तर तसा आदेश असायला हवा.

प्रकरण नागरी सेवा मंडळापुढे गेले होते का? टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणातल्या २०१३ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर राज्याने ३१ जानेवारी २०१४ च्या शासन निर्णयाने ही मंडळे नेमली.

एका वर्षी कार्यालयातले ३० टक्क्यांहून अधिक कर्मचारी हलवले का? कलम ५(२) ती मर्यादा घालते.

यांतल्या एका जरी प्रश्नाचे उत्तर तुमच्या बाजूचे असेल तर तुमच्याकडे कायद्याचा मुद्दा आहे. सगळी उत्तरे शासनाच्या बाजूची असतील, तर लढाई फक्त अडचणीवर आहे. मग निवेदनाची पायरी हीच तुमची मुख्य पायरी.

४. अडचण कागदावर आणा

‘आई आजारी असते’ हे वाक्य प्रत्येक निवेदनात असते, म्हणून ते कोणी वाचत नाही. अडचण मोजता आली पाहिजे.

आजारपण असेल तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांचे पत्र घ्या. त्यात आजार, किती दिवसांनी उपचार, किती तास आणि सोबत माणूस लागतो का, हे चारही हवे. मागच्या काही महिन्यांच्या नोंदी जोडा. दिव्यांगत्व असेल तर वैश्विक ओळखपत्र जोडा. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम २०(५) मध्ये दिव्यांग कर्मचाऱ्यांच्या पदस्थापना आणि बदलीसाठी शासन धोरण आखू शकेल, अशी तरतूद आहे. मूल दिव्यांग असेल तर त्याची शाळा किंवा थेरपी कुठे चालते आणि नव्या ठिकाणी ती सोय आहे का, हे लिहा.

जोडीदाराची नोकरी असेल तर नियुक्तीपत्र किंवा मालकाचे पत्र, पाळ्यांचे वेळापत्रक आणि दोन ठिकाणांमधले अंतर जोडा. नागापूरकरांनी इथे सावध राहावे. जिल्हा परिषद शिक्षकांच्या बदली धोरणात ‘पती-पत्नी एकत्रीकरण’ हा विशेष संवर्ग भाग-२ आहे आणि त्यात ३० किलोमीटरची अट महत्त्वाची आहे. पण त्यासाठी जोडीदार शासकीय, निमशासकीय किंवा धोरणात मोजलेल्या अशाच नोकरीत असावा लागतो. औद्योगिक वसाहतीतल्या खासगी कारखान्याची नोकरी त्यात सहसा बसत नाही. म्हणून अशा घराने एकत्रीकरणाचा दावा करू नये. ‘रुग्णाची किंवा मुलाची देखभाल करायला घरात दुसरे कोणी नाही’ या मुद्द्यावर निवेदन उभे करावे, आणि कारखान्याचे पत्र त्याचा पुरावा म्हणून जोडावे.

एकच इशारा : प्रमाणपत्र खरे असले पाहिजे. अंतर किंवा दिव्यांगत्व वाढवून दाखवलेला कागद पडताळणीत उघडा पडला, तर बदली राहते आणि वर विभागीय चौकशी लागते. शिवाय खऱ्या गरजूंच्या कागदांवरही संशय येतो.

५. निवेदन द्या

आदेश मिळाल्यापासून दोन-तीन दिवसांत द्या. योग्य मार्गाने, म्हणजे कार्यालयप्रमुखामार्फत द्या आणि आगाऊ प्रत थेट सक्षम प्राधिकाऱ्याला पाठवा. आवक क्रमांकासह पोच घ्या. टपालाने पाठवले तर स्पीड पोस्टची पावती जपा. दोन पानांपेक्षा मोठे लिहू नका. नमुना असा :

> प्रति,
> मा. ……… (सक्षम प्राधिकारी)
> मार्फत : मा. ……… (कार्यालयप्रमुख)
>
> विषय : बदली आदेशाचा फेरविचार होणेबाबत.
> संदर्भ : आपला आदेश क्र. ……, दि. ……
>
> महोदय,
>
> १. मी नागापूर येथील …… कार्यालयात …… या पदावर दि. …… पासून कार्यरत आहे. या पदावर माझी …… वर्षे …… महिने सेवा झाली आहे. संदर्भीय आदेशाने माझी बदली …… येथे झाली आहे.
>
> २. माझ्या आईस आठवड्यातून तीन वेळा डायलिसिस घ्यावे लागते. प्रत्येक वेळी सोबत एक व्यक्ती आवश्यक असल्याचे डॉक्टरांचे पत्र जोडले आहे (जोडपत्र १). माझे पती कारखान्यात पाळीने कामास आहेत (जोडपत्र २). घरात अन्य सज्ञान व्यक्ती नाही (जोडपत्र ३, शिधापत्रिका).
>
> ३. माझा विहित कालावधी पूर्ण झालेला नाही. आदेशात २००५ च्या बदली अधिनियमाच्या कलम ४(५) प्रमाणे विशेष कारणे दिसून येत नाहीत.
>
> ४. माझी विनंती : (अ) बदली रद्द करावी, (आ) ते शक्य नसल्यास अहिल्यानगर शहर किंवा नगर तालुक्यातील …… या रिक्त पदावर पदस्थापना द्यावी, (इ) तेही शक्य नसल्यास दि. …… पर्यंत मुदत द्यावी.
>
> ५. या निवेदनावर कारणांसह लेखी निर्णय व्हावा आणि तोपर्यंत मला कार्यमुक्त करू नये, ही विनंती.

चौथ्या परिच्छेदातली उतरंड महत्त्वाची आहे. नुसते ‘रद्द करा’ म्हटले की अधिकाऱ्यापुढे हो किंवा नाही एवढेच उरते. जवळचे रिक्त पद शोधून नावासकट सुचवले तर त्याला निर्णय घेण्याची वाट मिळते. कालावधी पूर्ण झाला असेल तर तिसरा परिच्छेद गाळा. खोटा कायदेशीर मुद्दा खऱ्या अडचणीला कमजोर करतो. मुलांच्या शाळेचा मुद्दा वर्षाच्या मध्ये झालेल्या बदलीतच जोर धरतो. करुप्पा थेवन प्रकरणात (१९९४) सर्वोच्च न्यायालयाने म्हटले होते की प्रशासनाची निकड नसेल तर शैक्षणिक सत्राच्या मध्ये बदली टाळावी. मे महिन्यात निघालेल्या आदेशाला हा आधार लावू नका.

६. रुजू होण्याचा निर्णय थंड डोक्याने घ्या

सर्वांत मोठे नुकसान इथे होते. निवेदन दिले म्हणजे बदली थांबली, असे नसते. गुजरात वीज मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी (१९८९) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केले : आदेश स्थगित, रद्द किंवा बदललेला नसेल तर कर्मचाऱ्याने रुजू झालेच पाहिजे. त्या कर्मचाऱ्याची नोकरी गेली आणि न्यायालयाने ती कारवाई कायम ठेवली.

म्हणून कार्यमुक्तीच्या तारखेआधी स्थगिती मिळाली नाही, तर पदग्रहण अवधी संपण्यापूर्वी रुजू व्हा. रुजू अहवालात लिहा : ‘माझे दि. …… चे निवेदन प्रलंबित असून माझे सर्व हक्क अबाधित ठेवून मी रुजू होत आहे.’ रुजू झाल्याने दाद मागण्याचा हक्क जात नाही. न कळवता घरी राहिल्यास तो काळ अनधिकृत गैरहजेरी ठरू शकतो आणि वेतन, वेतनवाढ, निवृत्तिवेतन या सगळ्यांवर परिणाम होतो.

घरी खरोखर थांबावे लागत असेल तर रजेचा अर्ज द्या. शासनाच्या २३ जुलै २०१८ च्या निर्णयाने महिला कर्मचाऱ्यांना, तसेच पत्नी हयात नसलेल्या किंवा पत्नी असाध्य आजाराने अंथरुणाला खिळलेली असलेल्या पुरुष कर्मचाऱ्यांना, मूल १८ वर्षांचे होईपर्यंत संपूर्ण सेवेत १८० दिवस बालसंगोपन रजा मिळते. शिवाय अर्जित रजा आहेच. रजा मंजूर झाल्याशिवाय ती मिळाली असे मात्र धरू नका.

७. नस्तीची मागणी करा

माहिती अधिकार अधिनियमाखाली, दहा रुपये शुल्क भरून, तीन गोष्टी मागा : बदलीच्या नस्तीतल्या टिप्पण्या, नागरी सेवा मंडळाचे इतिवृत्त आणि वरिष्ठांच्या पूर्वमान्यतेची प्रत. उत्तराला तीस दिवस लागू शकतात, म्हणून त्यासाठी पुढची पायरी अडवून ठेवू नका. मॅटमध्ये मूळ नस्ती मागवण्याची विनंती करता येते. बदलीची खरी गोष्ट बहुधा त्याच नस्तीत असते. मंडळाच्या शिफारशीत नाव नव्हते आणि नंतर कोणाच्या पत्रावरून ते घातले गेले, असे तिथे दिसले तर प्रकरणाला बळ येते.

८. मॅटमध्ये मूळ अर्ज

प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ खाली हे न्यायाधिकरण १९९१ पासून मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे चालते. अहिल्यानगर जिल्ह्याची प्रकरणे संभाजीनगरला जातात. कलम १९ खाली ‘मूळ अर्ज’ दाखल होतो. कलम २० प्रमाणे उपलब्ध उपाय आधी वापरलेले असावेत अशी सर्वसाधारण अपेक्षा असते, म्हणून निवेदनाची पोच जोडा. कलम २१ मध्ये एका वर्षाची मुदत आहे, पण बदलीच्या प्रकरणात ती मोजत बसू नका. तुमच्या जागी दुसरी व्यक्ती रुजू होऊन स्थिरावली की स्थगितीचा हेतूच संपतो. त्या व्यक्तीला प्रतिवादी करायला विसरू नका.

स्वतः बाजू मांडता येते, पण अंतरिम स्थगिती हवी असेल तर मॅटमध्ये नियमित काम करणारा वकील घ्या. अर्जाची प्रत शासनाच्या सादरकर्ता अधिकाऱ्यांना आधी द्यावी लागते. कलम २४ प्रमाणे दुसऱ्या बाजूला न ऐकता दिलेला अंतरिम आदेश अपवादानेच मिळतो आणि मुदतीत पुढे चालवला नाही तर चौदा दिवसांनी संपतो.

अर्जाचा क्रम असा ठेवा : आधी कायद्याचा भंग, मग हेतूबद्दलचा आक्षेप असेल तर पुराव्यासह, शेवटी अडचण. शिल्पी बोस (१९९१) आणि एस. एल. अब्बास (१९९३) या निकालांपासून सर्वोच्च न्यायालयाची भूमिका कायम आहे : बदली हा नोकरीचाच भाग आहे, आणि दुष्ट हेतू किंवा सक्तीच्या नियमाचा भंग असेल तरच न्यायालय हात घालते. पती-पत्नी एकत्र ठेवण्याची मार्गदर्शक तत्त्वे शासनाने विचारात घ्यायची असतात, पण त्यांतून सक्तीचा हक्क तयार होत नाही.

तरीही अडचणीचा मुद्दा निष्फळ नाही. एस. के. नौशाद रहमान प्रकरणात १० मार्च २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सीमाशुल्क विभागाचे बदलीविषयक परिपत्रक कायम ठेवले. पण त्याच निकालात जोडीदाराची नेमणूक, दिव्यांगत्व आणि अनुकंपेची कारणे यांचा विचार करून धोरण पुन्हा तपासायला सांगितले आणि कौटुंबिक जीवनाची सांगड व्यक्तीच्या प्रतिष्ठेशी घातली. म्हणून मुख्य मागणीखाली पर्यायी मागणी अवश्य ठेवा : ‘माझ्या निवेदनावर ठरावीक मुदतीत, कारणांसह निर्णय घेण्याचा आदेश व्हावा.’ आदेश रद्द झाला नाही तरी ही मागणी मान्य होण्याची शक्यता बरीच असते, आणि पुष्कळदा घराला तेवढ्याची खरी गरज असते.

मॅटचा निकाल विरोधात गेला तर एल. चंद्रकुमार (१९९७) निकालानुसार उच्च न्यायालयाच्या द्विसदस्यीय पीठापुढे याचिका करता येते.

९. तडजोडीची वाट उघडी ठेवा

दावा चालू असतानाही आपसी बदलीसाठी माणूस शोधा. अकोले किंवा जामखेडच्या एखाद्या सहकाऱ्याला नगरला यायचे असू शकते. विनंती बदली स्वीकारण्यापूर्वी दोन गोष्टी लेखी विचारा : प्रवासभत्ता मिळणार का आणि ज्येष्ठतेवर परिणाम होणार का. संवर्ग बदलत असेल तर ज्येष्ठता जाऊ शकते.

आमदार, मंत्री किंवा पुढाऱ्याचे शिफारसपत्र मात्र जोडू नका. वर्तणूक नियम, १९७९ च्या नियम २३ प्रमाणे सेवाविषयक बाबीत बाहेरचा दबाव आणणे हे गैरवर्तन आहे. दुसऱ्याच्या शिफारशीने झालेल्या बदलीवर आक्षेप घेणाऱ्याच्या स्वतःच्या नस्तीत असे पत्र निघाले, तर त्याची बाजू तिथेच पडते.

१०. पुढच्या जानेवारीची तयारी

२००५ च्या अधिनियमाच्या कलम ४(२) प्रमाणे एप्रिल-मे मध्ये बदलीस पात्र कर्मचाऱ्यांची यादी दर जानेवारीत तयार व्हायची असते. घरातली अडचण दीर्घकाळाची असेल, तर आदेशाची वाट पाहू नका. डिसेंबर अखेर ताजे वैद्यकीय पत्र घ्या, ओळखपत्राची मुदत तपासा, रिक्त पदांची माहिती काढा आणि जानेवारीतच पसंतीची ठिकाणे लिहून निवेदन द्या. समुपदेशनाने बदल्या होत असतील तर त्या दिवशी हीच फाइल सोबत न्या. निघालेला आदेश फिरवण्यासाठी अधिकाऱ्याला स्वतःचा निर्णय बदलावा लागतो. यादीच्या टप्प्यावर तो अजून निर्णय घेत असतो. घर सांभाळून नोकरी करणाऱ्या माणसाने आपली बाजू त्या टप्प्यावर, लेखी आणि पुराव्यासह मांडली, तर मॅटची पायरी चढण्याची वेळ पुष्कळदा येणारच नाही.